कर्जमुक्तीचं जेवण

गृहकर्ज मंजूर झालं की लोक पेढे आणतात. आमच्या यवतमाळ जिल्ह्यात तरी आणतात. बाकी जिल्ह्यांचं मला माहीत नाही, कारण मी सगळी नोकरी इथेच काढली. आधी नेर, मग महागाव आणि शेवटची बरीच वर्षं आर्णी. गावं बदलली, टेबल एकच, गृहकर्जाचं. त्या टेबलावर इतके पेढे खाल्ले की निवृत्त होताना ग्रॅच्युइटीबरोबर साखरही मिळाली. डॉक्टरांनी विचारलं, "मॅडम, घराण्यात कोणाला आहे का?" म्हटलं, "घराण्यात नाही हो, घरांमुळे आहे."

लोक मला विचारायचे, हप्ता किती? एकूण किती भरावे लागतील, हे विचारणारा गिऱ्हाईक वर्षाकाठी एखादा. नेरचे एक गृहस्थ आठवतात. प्रोसेसिंग फी अर्धी करा म्हणून अर्धा तास बसून राहिले. वांग्याच्या भावावर होत नाही एवढी घासाघीस. शेवटी साहेब कंटाळले, फी कमी झाली आणि गृहस्थ विजयी चेहऱ्याने सह्या करायला बसले. मी सांगितलं, "काका, व्याजदर फ्लोटिंग आहे, म्हणजे बदलता. वाढू शकतो." ते सही करता करता म्हणाले, "बदलू द्या ना जी. जमाना बी बदलूनच राह्यला." हजार-दीड हजार वाचवले आणि पुढच्या वीस वर्षांत किती गेले ते त्यांचं त्यांनाही कळलं नसणार.

आम्हीही काही साधू नव्हतो. बँकेच्या बोर्डावर हसरं कुटुंब, मागे हिरवळ, खाली ठळक अक्षरात हप्ता. लाखाला महिना इतके फक्त. त्या 'फक्त'वर बँकेचा संसार चालतो. लाखाचे शेवटी किती होतात, हे त्याच बोर्डावर लिहिलं असतं तर हसऱ्या कुटुंबाचा चेहरा बदलावा लागला असता. ही गंमत मी कित्येक वर्षं पाहत होते. पण ती नीट कळली ती गुलाबभाऊंच्या पत्रिकेमुळे.

गुलाब जाधव एसटीच्या लाल गाडीवर ड्रायव्हर होते. यवतमाळहून आर्णी, महागाव, कधी त्याच्याही पुढे. आर्णीजवळच्या बंजारा तांड्यातले. उंच, काळेसावळे, मिशी राखलेली आणि आवाज असा की हॉर्नची गरज नसावी. पंधरा वर्षांपूर्वी त्यांनी तांड्याच्या कडेला, डांबरी रस्त्यालगत घर बांधायला आमच्या शाखेतून पाच लाख घेतले होते. तेव्हा मी महागावला होते. पगार आमच्याच शाखेत जमा व्हायचा, हप्ता परस्पर वळता व्हायचा. त्यामुळे ते बँकेत यायचे ते फक्त गप्पा मारायला आणि एटीएम बंद असलं की शिव्या द्यायला.

त्या दिवशी आले ते नवा शर्ट घालून. माझ्या टेबलावर एक पत्रिका ठेवली. कोपऱ्यात घराचं चित्र, घरामागे सूर्य. 'आमचे येथे श्रीकृपेकरून श्री. गुलाब जाधव यांची सेवापूर्ती व कर्जमुक्ती या दुहेरी मंगलप्रसंगी' वगैरे. छापखानावाल्याने लग्नाच्या पत्रिकेतच अक्षरं बदलली होती. शेवटची ओळ बदलायची राहिली होती. 'तरी सर्वांनी उपस्थित राहून वधूवरांस शुभाशीर्वाद द्यावेत.' त्याखाली प्रमुख पाहुण्या म्हणून माझं नाव.

"वधूवर कोण हो, भाऊ?" मी विचारलं.

"मी अन् घर, असं समजा," ते म्हणाले. "या महिन्यात रिटायर होऊन राह्यलो. याच महिन्यात पंधरा साल पूर्ण होते. म्या तवाच हिशेब करून कर्ज घेतलं होतं, नोकरी संपन अन् कर्ज बी संपन. तुम्ही फक्त एक करा. कर्ज फिटल्याचा जो कागद असते ना, तो घेऊन या. जेवणाच्या आधी लोकायसमोर द्याचा. फोटो काढाचा हाय."

मला फार बरं वाटलं. कर्ज घेताना पेढे आणणारे खूप पाहिले होते, कर्ज फिटल्याचं जेवण घालणारा पहिलाच. कागद तयार ठेवावा म्हणून मी खातं उघडलं आणि पडद्याकडे बघतच राहिले.

"गुलाबभाऊ, बसा."

"बसत नाई जी. तांड्याच्या नायकाकडे कार्ड द्याचं हाय अजून."

"बसाच."

ते बसले. मी सांगितलं, "कर्ज संपलेलं नाही. दीड लाखाच्या वर बाकी आहे. याच हप्त्याने भरत गेलात तर अजून तीन वर्षं."

ते हसले. मोठ्याने हसले. रोखपालाने मान वर केली. मी हसत नाही हे पाहिल्यावर त्यांचं हसू हळूहळू विझलं.

"पंधरा साल म्हणजे पंधरा साल," ते म्हणाले. "मॅडम, आर्णीचं तिकीट काढलं तर आर्णीलेच उतरवा लागते. पॅसेंजर झोपला म्हणून म्या त्याले कवा महागावले नेला नाई."

बँकेने अगदी तेच केलं होतं. पॅसेंजर झोपला होता आणि गाडी पुढे गेली होती.

झालं होतं ते असं. बाहेरच्या माणसासाठी सोपं करून सांगते. कर्ज घेताना पाच लाखांवर पंधरा वर्षांसाठी हप्ता बसला पाच हजारांचा. वर्षभरातच व्याजदर चढले. दर चढला की बँकेपुढे दोन वाटा असतात, हप्ता वाढवायचा किंवा वर्षं वाढवायची. हप्ता वाढवला की गिऱ्हाईक दुसऱ्या दिवशी काउंटरवर येऊन आरडाओरडा करतो. वर्षं वाढवली की त्याला काहीच होत नाही. तेच पाच हजार, तीच तारीख. पंधरा वर्षांनंतरचं दुखणं आज कोणाला दुखतं? म्हणून बँका गुपचूप वर्षं वाढवायच्या. पुढे दर उतरले, पण चढताना एक्सप्रेस आणि उतरताना प्रत्येक थांब्यावर थांबणारी गाडी, अशी त्यांची चाल. जुन्या कर्जदाराने अर्ज करून, थोडी फी भरून नवा दर मागितला तर मिळायचा. न मागणाऱ्याला जुनाच. आता नियम बदललेत, विचारावं लागतं, कळवावं लागतं. गुलाबभाऊंची ती वर्षं मात्र जुन्या नियमात गेली होती.

आमचे मॅनेजर तरुण होते, आंध्राकडचे. आवाज ऐकून केबिनमधून आले. "एसएमएस गया था," ते म्हणाले. "हर बार गया था."

गुलाबभाऊंनी खिशातून मोबाइल काढून टेबलावर ठेवला. "साहेब, याच्यात रोज मेसेज येते. एक म्हणते लॉटरी लागली, एक म्हणते बियाणं घ्या, एक म्हणते कर्ज घ्या. सगळे इंग्रजीत. म्या समजलो हे बी कंपनीवालेच होय. पुसून टाकले."

मॅनेजर केबिनमध्ये गेले. दार लावून घेतलं.

गुलाबभाऊ खुर्ची पुढे ओढून हळू आवाजात म्हणाले, आणि त्यांना हळू आवाज आहे हे मला तेव्हा प्रथमच कळलं, "मॅडम, असं करू. तुम्ही खोटाच एक कागद द्या. फोटोपुरता. मंग मी तीन साल गपचूप भरतो. कोणाले कळत नाई."

"तसा कागद देता येत नाही, भाऊ. माझी नोकरी जाईल."

"तुमची बी तर संपूनच राह्यली."

"म्हणून शेवटी जेलमध्ये जाऊ का?"

ते उठले. "मंग येऊच नका जेवणाले," म्हणाले, टेबलावरची पत्रिका उचलली आणि ताडताड निघून गेले. मिनिटभराने परत आले, पत्रिका पुन्हा टेबलावर ठेवली. "नाव छापलं हाय. यावं तर लागनच."

दुसऱ्या दिवशी शाखा उघडायच्या आधीच पायरीवर एक बाई बसलेल्या. त्यांच्यामागे, शाळेत पालकांना घेऊन यायला सांगितलेल्या मुलासारखे, गुलाबभाऊ उभे. बाई म्हणजे जमनाबाई, त्यांच्या पत्नी. ठेंगण्या, डोक्यावरून पदर, हातात पांढरे चुडे आणि नजर अशी की पडदा न बघताही खातं वाचतील. त्या घरी ब्लाउज शिवायच्या आणि बकऱ्या पाळायच्या.

"यायनं रातचं जेवण नाई केलं," त्या बसता बसता म्हणाल्या. "तीस-पस्तीस साल संसार केला, हा माणूस कवा उपाशी झोपला नाई. मंग म्या सारी गोष्ट काढून घेतली तोंडातून. आता तुम्ही सांगा. घेतले किती?"

"पाच लाख."

"भरले किती?"

"नऊ लाख."

"बाकी किती?"

"दीड लाखाच्या वर. तीन वर्षं हप्ते भरत गेलात तर एक लाख ऐंशी हजार."

जमनाबाईंनी बोटांवर हिशेब केला. मग नवऱ्याकडे न बघता म्हणाल्या, "म्हणजे एक घर आमच्यासाठी बांधलं अन् एक तुमच्यासाठी."

गृहकर्जाच्या टेबलावर बसून एवढी नेमकी व्याख्या मी कधी केली नव्हती.

"पण पंधरा साल भरूनही मुद्दल फिटत नाई, असं कसं व्हते?" त्यांनी विचारलं.

मी म्हटलं, "बाई, हप्ता म्हणजे लग्नाची पंगत. पहिले वऱ्हाडी जेवतात, उरेल ते घरच्यांना. व्याज म्हणजे वऱ्हाडी. तुमच्या पहिल्या पाच हजारांतले छत्तीसशेच्या वर व्याजाने खाल्ले. दर वाढल्यावर तर मुद्दलाच्या ताटात जेमतेम सात-आठशे रुपये पडत होते. मुद्दल कमी होत जातं तसं व्याज कमी होतं, पण त्याला वेळ लागतो. शेवटी शेवटी घरच्यांना पोटभर मिळतं."

"म्हणजे दहा साल पाहुणेच जेवून राह्यले," जमनाबाई म्हणाल्या.

"तसंच काहीसं."

"अन् काही उपाय नव्हता?"

उपाय होता. या धंद्यातली सगळ्यात साधी आणि सगळ्यात कमी सांगितली जाणारी गोष्ट ही आहे की सुरुवातीला भरलेला जास्तीचा पैसा थेट मुद्दलात जातो. त्याच्या ताटातलं कोणी काढून घेत नाही. मी सांगितलं, "पहिल्या दोन-तीन वर्षांत कधी एकदम वीस हजार जास्तीचे भरले असते, तर जवळजवळ दोन वर्षांचे हप्ते कमी झाले असते. म्हणजे वीस हजारांत लाखभर वाचले असते."

जमनाबाई सावकाश नवऱ्याकडे वळल्या. "तवा तुम्हाले पगाराचा फरक भेटला होता. मोठी रक्कम. तिचं काय घेतलं तुम्ही?"

गुलाबभाऊ पंख्याकडे बघत म्हणाले, "मोटरसायकल."

"लाल," जमनाबाई मला म्हणाल्या. "गाडी बी लाल, फटफटी बी लाल."

मग त्या दोघांचं गोर बोलीत, म्हणजे बंजाऱ्यांच्या भाषेत, भांडण सुरू झालं. मला त्यातलं फारसं कळत नव्हतं. 'गॅलरी' हा शब्द मात्र पुन्हा पुन्हा येत होता. मी विचारलं तेव्हा जमनाबाईंनी खुलासा केला. निवृत्तीचे पैसे मिळाले की घरावर एक खोली आणि रस्त्याच्या बाजूने गॅलरी, असा गुलाबभाऊंचा बेत होता. सकाळी गॅलरीत चहा घेऊन बसायचं आणि दुसरा कोणीतरी चालवत असलेली गाडी खालून जाताना बघायची. मिस्त्रीला आगाऊ बयानाही देऊन झाला होता.

"सारी जिंदगी रस्ता समोरून पाह्यला," गुलाबभाऊ मला म्हणाले. "एक डाव वरतून पाहाचा होता. लय झालं का मॅडम?"

लय काही नव्हतं. पण त्यांची पेन्शन बसणार होती चार हजारांच्या आत आणि हप्ता पाच हजारांचा. मी दोन्ही बाजू सांगितल्या. आता उरलेली रक्कम एकदम भरून व्याजाचे फार पैसे वाचणार नव्हते, पंचवीस हजारांच्या आसपास. कारण व्याज तर आधीच खाऊन झालं होतं. वऱ्हाड जेवून गेल्यावर पंगत बंद करण्यासारखं ते होतं. पण पेन्शनपेक्षा मोठा हप्ता दारात बांधून ठेवणं, ही दुसरी गोष्ट.

जमनाबाई उठल्या. "निवृत्तीचे पैसे आले की पयले हे भरू. अन् तवर हप्ता द्याले मी बकऱ्या विकते. याच्या आधी बी कमी पडलं तवा बकऱ्याच विकल्या. त्या घरात माह्या मायनं देल्लेल्या बकऱ्या बी गेल्या जी."

"अन् जेवण?" गुलाबभाऊंनी विचारलं. "कारडं वाटून झाले. साऱ्या तांड्याले कळलं हाय. मी काय तोंड दाखवू?"

"जेवण व्हईल," जमनाबाई म्हणाल्या. "कारड देऊन लोकायले उपाशी ठेवत नसते."

जेवण रविवारी दुपारी होतं. घरासमोर मांडव, मांडवावर कापडी फलक. कर्जमुक्ती हे शब्द तसेच. गुलाबभाऊंनी ते झाकायला वरून फुलांची माळ सोडली होती, पण माळ आखूड पडली होती. आता फक्त 'मुक्ती' वाचता येत होतं. दोन मोठ्या पातेल्यांत मटण शिजत होतं, शाकाहारींसाठी वेगळी वांग्याची भाजी. मला फेटा बांधून खुर्चीवर बसवलं. एका बाजूला तांड्याचे प्रमुख म्हणजे नायक, सत्तरीचे, हातात काठी. दुसऱ्या बाजूला पवार गुरुजी. ते जवळच्या गावात शिक्षक होते आणि आर्णीत नवा बंगला बांधून तिथे राहायला गेले होते. गुलाबभाऊंचे लहानपणापासूनचे मित्र.

गुलाबभाऊंनी मला आधीच कानात सांगितलं होतं, "तुम्ही फक्त अभिनंदन म्हणा. कायचं ते सांगू नका."

नायक माइकवर उभे राहिले. गुलाबभाऊंनी तीस वर्षांत एकही अपघात केला नाही हे सांगितलं, आमच्या तांड्यातला पहिला माणूस ज्याने बँकेचं घर बांधलं आणि बँकेला वेळेवर पैसे दिले हेही सांगितलं. टाळ्या झाल्या. "आता बँकेच्या मॅडम कर्ज फिटल्याचा कागद देतीन," असं म्हणून त्यांनी माइक माझ्यापुढे केला.

माझ्या हातात कागद नव्हता. गुलाबभाऊ माझ्याकडे बघत होते. कारकिर्दीत मी बऱ्याच कर्जदारांचे चेहरे पाहिले. जप्तीची नोटीस हातात घेतलेलेही पाहिले. पण त्या चेहऱ्यापुढे मला नुसतं 'अभिनंदन'सुद्धा म्हणता येईना.

माझ्या हातातून माइक कोणीतरी काढून घेतला. जमनाबाई.

"कागद नाई," त्या म्हणाल्या. "कर्ज फिटलं नाई. अजून तीन साल हाय. व्याज वाढलं, बँकेनं वर्षं वाढवले, आम्हाले कळलं नाई. पाच लाख घेतले, नऊ लाख भरले, दीड लाख उरले. हे रिटायर झाले ते मात्र खरं हाय. त्याच्यासाठी जेवा."

आणि माइक खाली ठेवून त्या पातेल्याकडे गेल्या.

मांडवात लोक एकमेकांकडे बघू लागले. मग मागच्या बाजूला कोणीतरी फस्सकन हसलं. त्याच्यामागे आणखी दोघे-तिघे. गुलाबभाऊंनी डोक्यावरचा फेटा काढून खुर्चीवर ठेवला आणि मांडवाच्या मागे चालू लागले.

मी थोड्या वेळाने गेले. ते पाण्याच्या टाकीपाशी उभे होते. पाठमोरे.

"गाडी घाटातून नेली, पुरातून नेली," ते म्हणाले. "कोणी हसलं नाई. अन् आज माह्याच दारात माह्यावर हसून राह्यले."

मला समजूत घालता येत नाही. बँकेत ते शिकवत नाहीत. मी म्हटलं, "भाऊ, हसू द्या. हसणाऱ्यांत निम्मे कर्जदार आमचेच आहेत. मी ओळखते."

तेवढ्यात पवार गुरुजी आले. हातात ताट, ताटात मटण, पण खात नव्हते. "मॅडम," ते इकडेतिकडे बघत म्हणाले, "ते वर्षं वाढण्याचं, आमच्या बँकेत पण होतं का हो तसं?"

"फ्लोटिंग असेल तर होतं, गुरुजी."

"माझं कर्ज वीस वर्षांचं आहे. मोबाइलवर दिसतं म्हणतात. मी कधी उघडलं नाही. जरा बघता का?"

त्यांनी ताट टाकीच्या कठड्यावर ठेवलं, हात धुतले, मोबाइल दिला. गुलाबभाऊ अजून पाठमोरेच होते, पण मान थोडी वळली होती. मी ते ॲप उघडलं, शेवटच्या हप्त्याची तारीख शोधली आणि गुरुजींना दाखवली.

"हे साल बरोबर आहे?" गुरुजींनी विचारलं.

"बरोबर आहे."

"तेव्हा मी..." ते बोटांवर मोजू लागले. मोजता मोजता थांबले. "मी तेव्हा सत्तर वर्षांचा असेन."

गुलाबभाऊ पूर्ण वळले. त्यांनी मोबाइल आपल्या हातात घेतला, डोळ्यांजवळ धरला. "सत्तरीत?" ते म्हणाले. "गुरुजी, सत्तरीत हप्ता?" आणि मला स्पष्ट दिसलं की त्यांच्या मिशीच्या टोकांना हळूहळू जीव येतोय. माणसाला आपलं कर्ज फिटल्याने जेवढं बरं वाटतं, त्याच्या जवळपास शेजाऱ्याचं आपल्यापेक्षा लांब आहे हे कळल्याने वाटतं. हे कोणत्याही बँकेच्या बोर्डावर लिहिलेलं नाही, पण पडताळून बघा.

"या, या," गुलाबभाऊंनी गुरुजींच्या खांद्यावर हात टाकला. "जेवा आधी. आमचं बी तसंच हाय. तीनच साल हाय म्हणा." ते मांडवात परतले, फेटा पुन्हा डोक्यावर ठेवला आणि हातात वाढायची पळी घेतली. त्या दुपारी त्यांनी स्वतः वाढलं. गुरुजींना दोनदा रस्सा वाढला, आग्रह करून.

मी जेवायला बसले, पण माझं जेवण राहूनच गेलं. ज्याचं त्याचं ताट माझ्याकडे येत होतं. ट्रॅक्टरचं कर्ज, दुकानाचं, मुलीच्या शिक्षणाचं. नायकांनी तर काठीने गर्दी हटवून नातवाच्या घराचं विचारलं. मी प्रत्येकाला एकच सांगितलं, बँकेत जा आणि तीन गोष्टी लिहून मागा. आजचा दर किती, मुद्दल किती उरलं, शेवटचा हप्ता कोणत्या साली. तोंडी सांगतील, ते ऐकू नका.

सोमवारी आमच्या शाखेत रांग लागली. तशीच दुसऱ्या दोन बँकांतही लागल्याचं कळलं. मॅनेजर केबिनमधून बाहेर आले, रांग पाहिली, माझ्याकडे पाहिलं. "मॅडम, आपने वहाँ क्या किया?"

"खाना खाया, साहब."

पुढच्याच आठवड्यात मला लॉकरच्या किल्ल्या सांभाळायला दिल्या. कामाच्या सोयीसाठी, असं आदेशात लिहिलं होतं. मी तक्रार केली नाही. लॉकरपाशी पेढे कोणी आणत नाही, ते प्रकृतीला बरंच झालं. गृहकर्जाचं टेबल सोडताना एक खंत मात्र राहिली. इतकी वर्षं आम्ही लोकांना घर परवडतं का ते हप्त्यावरून सांगत आलो. खरी किंमत विचारायला तांड्यातल्या बाईला पायरीवर येऊन बसावं लागलं.

गुलाबभाऊंच्या निवृत्तीचे पैसे काही महिन्यांनी आले. तोवर जमनाबाईंनी बोलल्याप्रमाणे बकऱ्या विकून हप्ते भरले. पैसे जमा झाल्याच्या दुसऱ्या दिवशी दोघं बँकेत हजर. उरलेलं कर्ज एकदम भरलं. नव्या अधिकाऱ्याने मला लॉकरमधून घराची मूळ कागदपत्रं काढून आणायला सांगितली, म्हणून मीही तिथे होते.

गुलाबभाऊंनी कागदपत्रांचा लिफाफा पाहिला आणि पोचपावतीवर सही करायला पेन उचललं. जमनाबाईंनी त्यांचा हात धरला.

"थांबा," त्या म्हणाल्या. कर्जात त्यांचंही नाव होतं, सही त्यांचीही लागणार होती. "मॅडम, याच्यात काय लिहलं हाय ते वाचा. सारं."

"बाई, हे फक्त कागद मिळाल्याचं आहे."

"तरी वाचा."

मी वाचायला घेतलं. एकेक ओळ मराठीत सांगत. खरेदीखत मिळालं, नकाशा मिळाला, बँकेचा या मालमत्तेवर कोणताही हक्क उरला नाही. प्रत्येक ओळीनंतर जमनाबाई मान हलवायच्या, मगच पुढे. गुलाबभाऊ हात जोडून उभे, आरती चालल्यासारखे. मागे रांग वाढली. एक जण ओरडला, "बाई, लवकर करा ना जी, आम्हाले कामं हाय."

जमनाबाई मागे वळल्या. "ऐका तुम्ही बी," त्या म्हणाल्या. "बँकेत हे एवढंच फुकट हाय."

रांगेतले दोघे-तिघे ऐकायला पुढे सरकले. मी पुढची ओळ जरा मोठ्याने वाचली.